गाणं परभणीला पोचेपर्यंत

हिंदी चित्रपटातलं गाणं मुंबईत ध्वनिमुद्रित व्हायचं, सुरुवातीच्या काळात कलकत्त्यात आणि पुण्यातही. परभणीला ते तीन वाटांनी यायचं. चित्रपटाची रिळं यायची हैदराबादेकडून. चित्रपट वितरणाच्या धंद्यात मराठवाडा 'निजाम' या मुलखात मोडतो, आणि हैदराबाद संस्थान जाऊन पाऊणशे वर्षं उलटली तरी व्यापाऱ्यांच्या बोलण्यातला निजाम काही गेलेला नाही. तबकड्या यायच्या मुंबईहून. त्यांना मनमाडला ब्रॉडगेजवरून उतरून मीटरगेजच्या गाडीत चढावं लागे. आणि रोजचं, पदरचा पैसा न खर्चता ऐकायचं गाणं यायचं कोलंबोहून, आकाशातून.

तिन्ही वाटांवर गाण्यातलं काही ना काही गळत असे. कुठे तंबोऱ्याची आस, कुठे व्हायोलिनच्या ताफ्यातली धार, कुठे गायिकेनं घेतलेला श्वास. जे हाती लागे त्यावरच जिंतूर, सेलू, पाथरी, गंगाखेडच्या माणसांनी जीव लावला. आज ज्याला 'लॉसलेस' म्हणतात, म्हणजे मुळातला एकही अंश न गमावता साठवलेला आवाज, त्याची किंमत मुंबईच्या श्रोत्यापेक्षा या भागातल्या श्रोत्याला अधिक कळायला हवी असं मला मनापासून वाटतं. मुंबईकरानं मूळ तबकडी तरी विकत घेतली होती, ऱ्हिदम हाऊससारख्या दुकानात उभं राहून ऐकली होती. इथे पिढ्यानपिढ्या उतरती प्रतच वाट्याला आली.

ग्रामोफोन कंपनीचा फ्रेड गेसबर्ग १९०२ च्या अखेरीस कलकत्त्यात उतरला आणि त्यानं गौहर जानचा आवाज मुद्रित केला. १९०८ मध्ये सियालदहला तबकड्यांचा कारखाना निघाला, १९२८ मध्ये डमडमचा. तबकडीचा मुख्य कच्चा माल लाख. छोटा नागपूरच्या जंगलात पळस-कुसुमाच्या झाडांवर किडे जी लाख घालतात, तीच शुद्ध करून, दगडाच्या पुडीत आणि काजळीत मळून मिनिटाला ७८ फेऱ्यांची तबकडी दाबली जाई. दगडाची पूड मुद्दाम घातलेली असे. पोलादी सुई तिच्यावर घासून चरीच्या मापाची व्हावी, म्हणजे चर कमी झिजेल, हा हेतू. म्हणूनच जाणती माणसं दर बाजूला नवी सुई घालत. जिथे सुया मिळत नसत किंवा परवडत नसत तिथे एकाच सुईवर वीस-वीस बाजू वाजत, आणि अशी तबकडी ओळखायला भिंग लागत नाही. उजेडात तिरकी धरली की चरींचा काळा रंग राखाडी झालेला दिसतो.

परभणीत ही तबकडी महाग पडे, त्यालाही कारण होतं. निजामी हद्दीत शिरणाऱ्या मालावर करोडगिरी, म्हणजे संस्थानाची जकात, बसे. व्यवहार हाली सिक्क्यात, म्हणजे निजामी नाण्यात. सात हाली रुपये म्हणजे सहा कलदार (ब्रिटिश रुपये), असा ढोबळ हिशोब. मुंबईच्या दुकानातला भाव, त्यावर रेल्वेचं भाडं, त्यावर करोडगिरी, आणि शेवटी नाण्याची तूट. कापसाच्या मोसमात हातात पैसा खेळणारे मानवत-सेलूचे अडते, देशमुख घराणी, काही वकील आणि संस्थानी अधिकारी यांच्याखेरीज चावीचा फोनो कोणाकडे असणार? बाकीच्यांनी तबकडी ऐकली ती लग्नाच्या मांडवात, उरुसात, जत्रेत. झाडाला किंवा बल्लीला बांधलेल्या भोंग्यातून. भोंग्याचा आवाज मैलभर जाई, पण तो मधल्या पट्टीचाच. ढोलकीचा दम आणि सतारीची झळाळी दोन्ही त्यात मरत. तरी ज्यांचं गाण्याशी पहिलं नातं त्या भोंग्यातून जडलं, त्यांना त्याबद्दल वाईट बोलवत नाही, आणि ते बरोबरच आहे.

ही तबकडी म्हणजे चित्रपटातलं गाणंच होतं का? पुष्कळदा नव्हतं. पहिल्या बोलपटाची गाणी तर तबकडीवर आलीच नाहीत. १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिकमध्ये लागलेल्या अर्देशिर इराणींच्या 'आलम आरा'त सात गाणी होती. आज त्या चित्रपटाची प्रत उपलब्ध नाही, गाण्यांची तबकडी निघाली नव्हती, म्हणजे तो आवाज गेला तो कायमचा. पुढे तबकड्या निघू लागल्या तेव्हाही त्या वेगळ्या बैठकीत मुद्रित होत. दहा इंची तबकडीच्या एका बाजूवर तीन-सव्वातीन मिनिटांपलीकडे जागा नव्हती. चित्रपटात गाणं पाच मिनिटांचं असेल तर तबकडीसाठी कडवं गाळायचं, मधलं संगीत आखडायचं, नाहीतर गाणं मोडून दोन बाजूंना भाग पाडायचे. १९३५ च्या 'धूप छाँव'पासून पार्श्वगायनाची पद्धत रुळू लागली, तरी पडद्यावरचं गाणं आणि तबकडीवरचं गाणं ही दोन भावंडं वेगवेगळी वाढली. पडद्यावरचं कडवं हवं असेल तर ते रिळाच्या कडेला प्रकाशानं उमटवलेल्या ध्वनिपट्टीतच सापडणार. आणि ते रीळ परभणीच्या तंबू थिएटरात पोचेपर्यंत डझनभर गावांच्या यंत्रांतून घासून आलेलं असे. पडद्यावर पाऊस पडतोय असं वाटावं इतक्या रेघा, आणि प्रत्येक रेघेची कडकड आवाजात.

तबकडीवर नाव तरी खरं असेल? १९४९ च्या 'महल'मधल्या गाजलेल्या गाण्याच्या तबकडीवर गायिका म्हणून 'कामिनी' असं छापलेलं होतं, म्हणजे मधुबालेनं रंगवलेल्या पात्राचं नाव. श्रोत्यांनी आकाशवाणीला पत्रं लिहून विचारणा केली, तेव्हा लता मंगेशकर हे नाव बाहेर आलं. संग्राहकाच्या लेखी तबकडीवरची चिठ्ठी हा इतिहासाचा कागद असतो. तो कागदही तपासून घ्यावा लागतो, हा धडा या एका तबकडीनं घालून दिला.

आता कोलंबो. या वाटेवर थोडं रेंगाळायला हवं, कारण मराठवाड्यातल्या एका पिढीचा कान इथेच घडला.

१९५२ मध्ये बाळकृष्ण विश्वनाथ केसकर माहिती व नभोवाणी मंत्री झाले. शास्त्रीय संगीताचे गाढे अभ्यासक, आणि चित्रगीतांनी लोकांची अभिरुची बिघडते अशी त्यांची ठाम समजूत. आकाशवाणीवरची चित्रगीतं कमी झाली, गाण्याबरोबर चित्रपटाचं नाव सांगणं म्हणजे फुकटची जाहिरात म्हणून तेही थांबलं. निर्मात्यांनी प्रक्षेपणाचे परवानेच काढून घेतले. केसकरांनी शास्त्रीय संगीतासाठी जे केलं ते मोठं आहे, आकाशवाणी संगीत संमेलनं आणि वाद्यवृंद त्यांच्याच काळात उभे राहिले. पण या एका बाबतीत त्यांनी श्रोत्याला परक्या देशाच्या स्वाधीन केलं, हे म्हटल्यावाचून राहवत नाही. कोलंबोजवळ एकाला इथे दुसऱ्या महायुद्धात सैनिकांसाठी उभारलेला १०० किलोवॅटचा लघुलहरी प्रक्षेपक होता. युद्ध संपलं, तो रेडिओ सिलोनच्या हाती आला. ३ डिसेंबर १९५२ च्या बुधवारी त्यावरून अमीन सयानींची 'बिनाका गीतमाला' सुरू झाली.

परभणीपासून कोलंबो सरळ रेषेत साधारण १४०० किलोमीटर. लघुलहरी वातावरणाच्या वरच्या थरावर आपटून परत जमिनीकडे येतात, आणि एवढ्या अंतरावर त्या चांगल्या उतरतात. त्यामुळे ज्या गावात आकाशवाणीचं मुंबई केंद्र दिवसा धड लागत नसे तिथे सिलोन लागे. पण आवाज मधूनच अगदी जवळ येई, मधूनच दूर जाई. शेजारच्या केंद्राची शीळ त्यात मिसळे. मुळात अशा प्रक्षेपणात ५००० हर्ट्झच्या आसपासपर्यंतचाच आवाज येतो. माणसाचा तरुण कान २०,००० पर्यंत ऐकू शकतो. म्हणजे झांजा, घुंगरू, बासरीतली फुंकर, 'स' आणि 'श' या अक्षरांतला फरक, हे सगळं वाटेतच राहिलं. वीज नव्हती तिथे मोठ्या कोरड्या बॅटरीवर रेडिओ चाले, आणि टपाल कचेरीतून त्याचा परवाना काढावा लागे. पंचायतीच्या रेडिओभोवती पार भरे.

तरी हे गाणं इथे खोल रुजलं. माझ्या मते त्यामागे १७ सप्टेंबर १९४८ पूर्वीची, म्हणजे संस्थान भारतात येण्याआधीची शाळा आहे. संस्थानात माध्यमिक शिक्षणाचं माध्यम उर्दू होतं. मातृभाषेवर झालेला तो अन्याय होता आणि त्याविरुद्ध इथली माणसं लढली. पण त्याच शाळेत शिकलेल्या माणसाला साहिर किंवा मजरूह या गीतकारांचे शब्द समजायला कोश लागत नसे. पुण्या-कोल्हापूरचा श्रोता जिथे चालीवर भाळे, तिथे परभणीचा म्हातारा शब्दावर मान डोलावी. हे देणं एकतर्फीही नव्हतं. औरंगाबादचे शायर बशर नवाज यांनी पुढे खय्याम यांच्या संगीतासाठी 'बाज़ार' (१९८२) या चित्रपटात लिहिलं. मराठवाड्याची उर्दू मुंबईच्या ध्वनिमुद्रणात अशी पोचली.

३ ऑक्टोबर १९५७ ला विविध भारती सुरू करून आकाशवाणीनं सिलोनला उत्तर दिलं. साठच्या दशकाच्या अखेरीस परभणीला स्वतःचं आकाशवाणी केंद्र मिळालं आणि मराठवाड्याचा आवाज मराठवाड्यातूनच उठू लागला. या केंद्रानं इथल्या शेतकऱ्याला, लोककलावंताला काय दिलं हा स्वतंत्र लेखाचा विषय आहे.

साधारण १९७० च्या सुमारास आपल्याकडे ७८ फेऱ्यांच्या तबकड्या निघायच्या बंद झाल्या. व्हिनाइलच्या एलपी आणि छोट्या ईपी आल्या. चर बारीक, आवाज स्वच्छ, एका बाजूला वीस मिनिटं. 'शोले'च्या संवादांची पॉलिडोरनं काढलेली एलपी घराघरांत पाठ झाली. पण परभणीच्या उन्हाळ्यात पारा बेचाळीस-त्रेचाळीसच्या पुढे जातो, आणि पत्र्याच्या खोलीत आडवी-तिडवी ठेवलेली एलपी वाकते. लाखेची तबकडी पडली की फुटे. ही न पडताच जाई. एलपीचं राज्य इथे फार काळ टिकलं नाही.

टिकली कॅसेट. फिलिप्सनं १९६३ मध्ये काढलेली ही चीज सत्तरच्या दशकात आखाती देशांत कामाला गेलेल्यांच्या टू-इन-वनसोबत खेड्यापाड्यांत आली, आणि ऐंशीच्या दशकात गुलशन कुमारांच्या टी-सिरीजनं ती पानटपरीवर आणून ठेवली. ज्या घरात तीन पिढ्यांत फोनो आला नव्हता त्या घरात गाणं मालकीचं झालं. ही मोठी गोष्ट होती. कॅसेटच्या आवाजाला नाकं मुरडणाऱ्यांनी हे आधी लक्षात घ्यावं.

त्या काळात तालुक्याच्या प्रत्येक गावी गाणी भरून देणारं एखादं दुकान असे. आपण कागदावर यादी लिहून न्यायची, कोरी साठची किंवा नव्वदची कॅसेट घ्यायची, दोन दिवसांनी आणायला जायचं. यादीत बी साइडला शेवटी दोन मिनिटं उरली तर दुकानदार आपल्या पसंतीचं एखादं गाणं घाली, बहुधा अर्धवट तुटणारं. या दुकानदारांपाशी जुन्या एलपी-ईपींचे गठ्ठे असत. कोणत्या चित्रपटात कोणतं गाणं, संगीतकार कोण, कोणत्या तबकडीवर कोणतं कडवं गाळलंय, हे तोंडपाठ. जिल्ह्याच्या गावातले खरे संग्राहक तेच. त्यांच्यावर कोणी लेख लिहिले नाहीत.

पण तंत्राच्या बाजूनं पाहिलं तर गळती इथे वाढली. फीत सेकंदाला पावणेपाच सेंटिमीटर या संथ गतीनं सरकते, रुंदीला चार मिलिमीटरही नाही. तिची स्वतःची फुसफुस असते. एका कॅसेटवरून दुसरी भरली की दोघींची फुसफुस एकत्र होते आणि वरच्या पट्टीचा आवाज आणखी बोथट होतो. प्रतीची प्रत, तिची प्रत. एका यंत्राची गती किंचित जास्त, दुसऱ्याची कमी. सहा टक्क्यांचा फरक पडला की गाणं पुरता अर्धा सूर चढतं किंवा उतरतं. कित्येकांनी तलत महमूदला वर्षानुवर्षं चढ्या सुरात ऐकलं आणि तोच त्याचा आवाज समजले. नव्वदच्या दशकात 'झंकार' आलं: मूळ गाण्यावर विजेचा ताल आणि घुमारा चढवलेल्या कॅसेटी. ट्रक, जीप, रसवंती, सगळीकडे तेच. ध्वनिमुद्रणाच्या वेळी अनिल विश्वासांनी किंवा मदन मोहननं एकेक वाद्य तोलून बसवलेलं. त्यावर कोणीही उपरा ठेका थोपटावा, याचा राग मला आजही येतो.

आणि मग सीडी. तिनं हिशोबच बदलला. आवाजाची लहर सेकंदाला ४४,१०० वेळा मोजायची, दर मोजणी १६ बिटांत लिहायची, डावी-उजवी अशा दोन वाहिन्या. म्हणजे सेकंदाला सुमारे १४ लाख ११ हजार बिट. तीन मिनिटं वीस सेकंदांचं गाणं ३५ मेगाबाइटच्या आसपास जातं. आकड्यांत लिहिलेल्या आवाजाची प्रत काढली तर ती मुळाइतकीच असते, हजारावी प्रतही. कॅसेटच्या जगात वाढलेल्या माणसाला हे पटायला वेळ लागला. पण सीडी आणि ती वाजवणारं यंत्र दोन्ही महाग, आणि ही प्रत परभणीत रुजण्याआधीच एमपी३ येऊन थडकली.

एमपी३ची करामत अशी की कानाला जे ऐकू येणार नाही असं गणित सांगतं, ते ती सरळ टाकून देते. मोठ्या आवाजाशेजारचा लहान आवाज, ठोक्याच्या आगेमागचा हलका नाद, फार वरची पट्टी. ३५ मेगाबाइटचं गाणं १२८ किलोबिटच्या एमपी३त सव्वातीन मेगाबाइटमध्ये मावतं. रस्त्यावर एकेका चकतीत दीडशे-दोनशे गाणी विकली जाऊ लागली, मुकेशच्या दर्दभऱ्या गाण्यांपासून नव्या आयटम गाण्यांपर्यंत. नंतर मोबाइलच्या दुकानात मेमरी कार्ड भरून मिळू लागलं. वीस-तीस रुपयांत हजारभर गाणी, तीही आणखी दाबून लहान केलेली. तबल्याच्या थापेआधी एक पुसटशी सावली ऐकू येते, घुंगरांचा वाळूसारखा सरसराट होतो, कोरसमधले आवाज एकमेकांत विरघळतात. ज्यानं मूळ ऐकलेलं नाही त्याला काय गेलं हे कळायला मार्गच नसतो.

जोश कोल्सन नावाच्या अमेरिकन प्रोग्रामरनं याच वेळी दुसरी वाट धरली होती. २० जुलै २००१ रोजी त्यानं फ्लॅक या पद्धतीची पहिली पक्की आवृत्ती सर्वांना मोफत खुली केली. फ्लॅक काहीच टाकत नाही. मागच्या मोजण्यांवरून पुढची मोजणी काय असेल याचा ती अंदाज बांधते आणि अंदाज किती चुकला तेवढंच लिहून ठेवते. चूक लहान असली की थोडे बिट लागतात. उघडताना अंदाज अधिक चूक अशी बेरीज करून मूळ आकडे जसेच्या तसे परत मिळतात. फाइलच्या सुरुवातीलाच मूळ आवाजाची एक अंकमुद्रा कोरलेली असते. दहा वर्षांनी पडताळून पाहावं, एक बिट जरी बिघडला असला तरी लगेच कळतं. जुन्या गाण्यांना तर ही पद्धत विशेष मानवते. ती एकवाहिनी आहेत, डावं-उजवं सारखंच. स्वच्छ एकवाहिनी गाण्यात दुसरी वाहिनी जवळपास फुकटात साठवली जाते. उलट तबकडीची खरखर मात्र आकसत नाही. तिचा अंदाजच बांधता येत नाही.

पण फ्लॅकनं निम्माच प्रश्न सोडवला. हाती आलेला आवाज ती राखते. हाती कोणता आवाज आला, हे तिला ठाऊक नसतं. एमपी३ उलगडून फ्लॅकमध्ये बांधली तरी टाकलेलं परत येत नाही, फाइल फक्त जाड होते. अशी बनावट ओळखायला आवाजाचा आलेख काढतात. १२८ किलोबिटची एमपी३ साधारण १६,००० हर्ट्झवर कापलेली असते, आलेखावर सपाट छत दिसतं. ७८च्या तबकडीत गाणं मुळातच इतक्या वर जात नाही, मग तिथे काय पाहायचं? तिथे खरखर पाहायची. सुईनं उचललेली खरखर आलेखात पार वरपर्यंत पसरलेली असते. तीही १६,००० वर कापलेली दिसली, तर मधे कुठेतरी एमपी३ येऊन गेली असं समजावं.

आणि जिथे खरखर अजिबात नाही तिथे आणखी सावध व्हावं. कंपन्यांनी जुनी गाणी सीडीवर आणताना ती झाडून-पुसून घेतली. हात बेताचा असला तर ते उत्तमच. पण पुष्कळदा फुसफुस काढायच्या नादात गायकाचा श्वास, स्टुडिओच्या खोलीचा नाद, सूर संपल्यावर उरणारी आस, सगळं धुऊन गेलं. काही गाण्यांना दोन्ही बाजूंना पसरलेला खोटा स्टीरिओ चढला. असं गाणं लॉसलेस फाइलमध्ये आलं काय किंवा २०२१ पासून ॲपल म्युझिकसारख्या सेवेवर लॉसलेस म्हणून वाजलं काय, आवाज तो धुतलेलाच. म्हणून अनुभवी संग्राहक एकाच गाण्याच्या तबकडी, एलपी, पहिली सीडी आणि नंतरची सीडी अशा चार-चार प्रती राखतात आणि कानानं निवडतात.

हे काम संस्थांपेक्षा व्यक्तींनी अधिक केलं. कानपूरच्या हरमंदिर सिंह 'हमराज़' यांनी 'हिंदी फिल्म गीत कोश'चे दशकवार खंड काढले, चित्रपटगृहाबाहेर दोन-दोन आण्यांना विकल्या जाणाऱ्या गाण्यांच्या पुस्तिका आणि तबकड्यांचे क्रमांक जुळवत. १९९० मध्ये मुंबईत सोसायटी ऑफ इंडियन रेकॉर्ड कलेक्टर्स स्थापन झाली. टाटा मूलभूत संशोधन संस्थेत काम केलेले सुरेश चांदवणकर तिचे मानद सचिव. सभासद एकत्र बसून तबकड्या ऐकत, 'द रेकॉर्ड न्यूज' या पत्रिकेत सूची आणि लेख छापत. भौतिकशास्त्राचा माणूस जुन्या तबकड्यांच्या मागे लागला, हा मला योगायोग वाटत नाही. मोजमापाची शिस्त असल्याशिवाय हे काम होतच नाही.

शिस्त म्हणजे काय, हे सांगायला हवं, कारण तबकड्या अजून संपलेल्या नाहीत. परभणीत, सेलूत, गंगाखेडात, पूर्णेच्या रेल्वे वस्तीतल्या जुन्या घरांत माळ्यावर, लोखंडी पेटीत त्या पडून आहेत. भंगारवाल्याला त्यांचा उपयोग नाही, म्हणून वाचल्या. सरकारी जपणुकीवर विसंबण्यात अर्थ नाही. ८ जानेवारी २००३ रोजी पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारात आग लागली आणि शेकडो जुन्या चित्रपटांची नायट्रेट रिळं जळाली, त्यांत प्रभात फिल्म कंपनीचा ठेवाही होता. रीळ जळालं की तबकडीत नसलेली कडवी त्याच्याबरोबर जातात.

कायद्याचाही आता फारसा अडसर नाही. ध्वनिमुद्रणाचा हक्क आपल्याकडे प्रकाशनानंतर ६० वर्षं टिकतो, म्हणजे १९६४ पर्यंत निघालेल्या तबकड्यांची मुद्रणं हक्कमुक्त झाली आहेत. शब्द आणि चाल यांचा हक्क वेगळा असतो. कवी-संगीतकाराच्या मृत्यूनंतर ६० वर्षं तो चालतो. आपल्या घरातली तबकडी आपल्यासाठी जतन करायला मात्र त्याची अडचण येत नाही.

तेव्हा, तबकडी हाती लागलीच तर आधी तिला स्पिरिट लावू नये. लाख स्पिरिटमध्ये विरघळते. थंड ऊर्ध्वपातित पाणी, अगदी थोडा सौम्य साबण, मऊ ब्रश, कागदी चिठ्ठीला पाणी लागू द्यायचं नाही. एलपीची सुई ७८वर चालवू नये. एलपीच्या सुईचं टोक २५ मायक्रॉनच्या आत असतं, ७८ला ७५ मायक्रॉनच्या आसपासचं लागतं, नाहीतर सुई चरीच्या तळातली माती तेवढी वाजवते. गती ७८ धरावी, पण सूर पेटीवर ताडून पाहावा. त्या काळी साऱ्याच कंपन्यांची यंत्रं नेमक्या ७८वर फिरत नव्हती. मुद्रण २४ बिट, ९६,००० मोजण्यांवर करावं. खरखर काढायचा मोह झाला तर तो दुसऱ्या प्रतीवर पुरवावा, पहिली फाइल आली तशी फ्लॅकमध्ये बंद करून दोन वेगळ्या डिस्कवर ठेवावी. आणि फाइलच्या नोंदीत चित्रपट, साल, गायक, संगीतकार यांच्याबरोबर कंपनी, तबकडीचा क्रमांक, चिठ्ठीलगतच्या गुळगुळीत पट्टीत कोरलेला साच्याचा क्रमांक, वापरलेली सुई, धरलेली गती आणि तबकडी कोणत्या गावातून आली ते गाव, एवढं लिहावं.